जालिमसिंगला शिव्या हव्यात

मु. पांजरटोला, पो. कामठा, जि. गोंदिया
१० सप्टेंबर २०२५

चि. सोनिका हिला नानाचे आशीर्वाद.

पत्र पाहून दचकू नकोस, घरी सगळे जिवंत आहेत. फोन केला असता, पण मी फोनवर बोललो की अख्ख्या टोल्याला ऐकू जातं असं तुझी नानी म्हणते, आणि विषय टोल्याला ऐकवण्यासारखा नाही. शिवाय तीस वर्षं मी पोस्टात लोकांची पत्रं वाटली. स्वतः लिहिलेलं एक तरी कोणाच्या हातात पडावं ही हौस राहूनच गेली होती.

आता मुद्द्याचं. रविवारी तू नानीला फोन केलास आणि हुंदके देत होतीस. नानीने विचारलं तर "तो मेला गं नानी, त्याचं शेवटपर्यंत कोणी ऐकूनच घेतलं नाही," एवढं बोललीस आणि फोन ठेवलास. तेव्हापासून नानीने दोन उपास धरले आहेत आणि मला सारखी विचारते, "आता पोरीचं कसं होईन?" तुझ्या आईला सांगितलेलं नाही. सांगितलं तर ती पुण्याला निघेल, आणि इकडे धान निसवायला आलं आहे.

तो मुलगा कोण? कुठल्या गावचा? आपल्यातला होता का? कशाने गेला? आणि त्याचं काय ऐकून घ्यायचं राहिलं होतं? लपवू नकोस. मी जुना माणूस असलो तरी चौतीस वर्षं स्टेजवर लोकांच्या मुली पळवतो आहे, मला सगळं समजतं.

तुझा नाना,
नत्थूलाल बिसेन


पुणे
१६ सप्टेंबर २०२५

ती. नानांना सोनिकाचा नमस्कार.

नाना, आधी नानीला जेवायला सांगा. मग पुढचं वाचा.

तो मुलगा नाही. तो चित्र आहे. जपानमध्ये असे चित्रांचे सिनेमे बनवतात, त्याला ॲनिमे म्हणतात. लहान मुलांचं कार्टून नव्हे हं, मोठी माणसं बघतात. होस्टेलवर आम्ही चौघी रूममेटच्या लॅपटॉपवर बघत होतो आणि त्यातला तो मेला. आपल्यातला आहे का विचाराल तर नाही, आणि वयाचं म्हणाल तर चारशे वर्षांचा आहे.

आता तुम्ही रागावणार, पण सांगते. तो त्या सिनेमातला खलनायक आहे. पांढऱ्या केसांचा सेनापती. तो समुद्रकाठचं एक गाव जाळतो, तीनशे माणसं मरतात. पण शेवटी कळतं की तो लहान असताना त्याच गावात साथ आली होती, आणि गावाने त्याला एकट्याला नावेत बसवून समुद्रात सोडून दिलं होतं. सात वर्षांचा होता. काठावर सगळे उभे होते. कोणी हाक मारली नाही. मरताना तो एवढंच म्हणतो, की मी मागे वळून बघत होतो.

नाना, मी फार्मसीच्या दुसऱ्या वर्षाला आहे, मला कळतं की ते चित्र आहे. तरी रडू आलं. चौघी रडलो.

तुमची,
सोनिका


पांजरटोला
२५ सप्टेंबर २०२५

चि. सोनिकाला आशीर्वाद.

नानी जेवली. चारशे वर्षांचा आहे म्हटल्यावर तिने लग्नाचा विचारही सोडला.

पण तू मला बोलायला लावलंस. तीनशे माणसं जाळली त्याने, आणि रडणं त्याच्यासाठी? अगं, खलनायकासाठी रडतात कुठे? खलनायकाला शिव्या देतात. त्यासाठीच तर तो असतो. दिवाळीनंतर आपल्या गावची मंडईची जत्रा भरली की नाटक होतं, आणि १९९१ पासून त्या नाटकात खलनायक मी. कधी सावकार, कधी डाकू, कधी आमदाराचा भाचा. नायक सतरा बदलले. खलनायक एकच.

आमचा पगार म्हणजे शिव्या. १९९६ साली मी नायिकेच्या आंधळ्या आईच्या हातातली काठी ओढली, तेव्हा धुरपताबाई पुढल्या चटईवरून उठून उभी राहिली आणि म्हणाली, "तुझ्या तोंडात माती पडो, नत्थू! तुझी तिरडी उचलाले माणूस नाई भेटन!" नाव घेऊन म्हणाली. पात्राचं नव्हे, माझं. त्या वर्षी लहान पोरं मला पाहून सायकलवरून उतरून पळायची. पोस्टात लोक पत्र घ्यायचे आणि माझ्याकडे न पाहता आत जायचे. त्याला म्हणतात काम.

यंदा नाटक सामाजिक आहे. मी ठेकेदार जालिमसिंग. पहिल्या अंकात मी तलावाचा राखणदार मारतो, दुसऱ्यात गावाचा तलाव नावावर करून घेतो, तिसऱ्यात टिकेश मला काठीने मारून त्याच तलावात फेकतो. टिकेश म्हणजे आपल्या किराणावाल्याचा मुलगा, यंदाचा नायक. राखणदाराच्या मुलीचं, गंगेचं काम करायला वडशाहून प्रेरणा नावाची मुलगी बोलावली आहे. सगळं उत्तम चाललं आहे. प्रेक्षक थोडे बिघडले आहेत, बाकी काही नाही.

तुझा नाना

(याच पाकिटात, वहीच्या फाडलेल्या पानावर)

सोनिका, मी नानी. पाकीट मी चिकटवते म्हणून घेतलं आणि हे आत टाकते. उत्तम काही नाही. मागच्या मंडईला तुझे नाना नायिकेला पळवायला वाकले आणि त्यांचा गुडघा असा वाजला की माईकमध्ये आला. लोक हसले. धुरपताबाई तर शेंगा सोलत बसली होती, एक शिवी दिली नाही तिनं. खेळ संपल्यावर एक पोरगा नानांसोबत फोटो काढायला आला, आणि हे घरी येऊन माझ्याशी दोन दिवस बोलले नाही.

मंडळाचे अध्यक्ष भैय्यालालभाऊ घरी येऊन सांगून गेले, "काकाजी, यंदा तुमचा जालिमसिंग पडला त पुढच्या सालापासून तो टिकेश करन. तुम्ही गेटवर बसा, तिकिटं फाडा." गेटचं नाव काढल्यापासून हा माणूस अर्धा भात टाकून उठतो. तुला काही सुचलं तर बघ. मी सांगितलं म्हणू नको.


पुणे
३ ऑक्टोबर २०२५

ती. नानांना नमस्कार.

मंडईला मला येता येणार नाही. परीक्षा मध्येच आली आहे आणि महाराष्ट्र एक्स्प्रेसचं रिझर्वेशनही मिळालं नाही. म्हणून इथूनच थोडा आगाऊपणा करते.

तुमचं म्हणणं खरं आहे, खलनायकाला शिव्या पडायला हव्यात. पण प्रेक्षक का बिघडले, याचा मी विचार केला. (सहज केला, मला कोणी काही सांगितलेलं नाही.) नाना, जालिमसिंग पहिल्या अंकात वाईट, दुसऱ्यात वाईट, तिसऱ्यात वाईट. तो वाईटच आहे हे लोकांना पडदा उघडायच्या आधी माहीत असतं. मग ते शेंगा सोलतात.

आम्ही चौघी त्या पांढऱ्या केसांच्या सेनापतीसाठी रडलो तेव्हा नंतर बोलत बसलो. नायकाला सगळे विचारतात. त्याला मित्र असतात, गुरू असतो, आई असते. खलनायकाला कोणीच कधी विचारलेलं नसतं. बघताना सारखं वाटतं, वेळेवर एका माणसाने "काय झालं रे?" एवढं म्हटलं असतं तर तीनशे माणसं वाचली असती. आणि मग आपल्याला आपलं आठवतं, की आपल्यालाही एकदा कोणी विचारलं नव्हतं. चौघींची कारणं वेगळी होती, रडणं एकच.

तर माझी सूचना एवढीच. जालिमसिंगला एक जागा द्या, जिथे तो लहान असतो. दोन मिनिटं पुरेत.

तुमची,
सोनिका


पांजरटोला
११ ऑक्टोबर २०२५

चि. सोनिका,

तुझी सूचना वाचली. शक्य नाही. चौतीस वर्षांत मी मरताना एकच गोष्ट केली आहे, मोठ्याने हसलो आहे. नायक म्हणतो, "मरायच्या आधी काय बोलायचं ते बोल," आणि मी हसतो. त्या हसण्यावर कामठ्यापर्यंतचे लोक बोलायचे. जालिमसिंग काही रडूबाई नाही आणि मी जपानी नाही. विषय संपला.

तुझ्या नानीने मागच्या पाकिटात चिठ्ठी टाकली होती हे मला माहीत आहे. तीस वर्षं पाकिटं हाताळली आहेत मी, वजनावरून कळतं.

सहज विचारतो, तो नावेतला ते बोलतो तेव्हा उभा असतो की बसलेला?

नाना


पुणे
१७ ऑक्टोबर २०२५

ती. नाना,

बसलेला. हळू बोलतो. कोणाकडेही बघत नाही.

सोनिका


पांजरटोला
३० ऑक्टोबर २०२५

सोनिकाला नानीचा आशीर्वाद.

नाटक झालं. तुझे नाना लिहिणार नाही, ते चार दिवसांपासून शेतावर जातात आणि धानाकडे पाहत बसतात. म्हणून मीच लिहिते.

पहिले दोन अंक नेहमीसारखे गेले. राखणदाराला मारलं, तलाव घेतला. धुरपताबाईने शेंगांची पिशवी उघडली. तिसऱ्या अंकात टिकेश काठी उगारून म्हणाला, "पाप्या, मरायच्या आधी काय बोलायचं ते बोल." आता हे हसतील म्हणून ऑर्गनवाला तयारच होता. आणि हे खाली बसले. मला वाटलं गुडघा गेला.

मग बोलायला लागले. असे हळू, की माईकवाल्याने आवाज वाढवला. म्हणाले, मी नऊ वर्षांचा होतो. तलावाच्या पल्याड एका घरी लग्न होतं. बुंदीचा वास पाण्यावरून यायचा. मी चालत गेलो आणि पंगतीत बसलो. पत्रावळ मांडली, भात वाढला, पहिला घास हातात घेतला. एका फेटेवाल्याने माझं कोपर धरलं आणि उभं केलं. "हा कोनाचा? याले कोन बोलावलं?" दोनशे माणसं जेवत होती. सगळ्यांनी पाहिलं आणि परत जेवायला लागले. मी तलावाला वळसा घालून घरी आलो. भात मुठीतच होता. तेव्हाच ठरवलं, हा तलाव एक दिवस माझा होईन. मग पाहू कोण कोणाला उठवते.

बाई, टिकेशला यातलं काहीच माहीत नव्हतं. त्याने आपलं पाठ केलेलं वाक्य म्हटलं, "तुझा घडा भरला," आणि काठी वर केली. तर धुरपताबाई स्टेजवर चढली. सत्तरीची बाई, पायऱ्यांवरून नाही, समोरून चढली.

"ए पोट्ट्या, काठी खाली कर."

"आजी, नाटक होय जी हे."

"मले नको शिकवू. त्याच्या पोटात अन्न नाई, न तू मारून राहिला? लावून पाह्य हात."

तिच्या मागून आठ-दहा बायका चढल्या. एकीने टिकेशची काठीच काढून घेतली. त्याने महिनाभर ती काठी फिरवायची प्रॅक्टिस केली होती, बिचारा रडकुंडीला आला. भैय्यालालभाऊ माईकवर ओरडत होते, "महिला वर्गाने कृपया आपापल्या चटईवर बसावे." कोणी बसलं नाही. शेवटी पडदा पाडला. जालिमसिंग मेलाच नाही.

दुसऱ्या दिवशी गावात एकच चर्चा, की मग तलाव कोणाचा? भैय्यालालभाऊ घरी आले आणि म्हणाले, "काकाजी, पन्नास रुपयांचं तिकीट काढून लोक आले, आन् गावचा तलाव ठेकेदारापाशीच राहिला. हे कोणतं सामाजिक नाटक होय?" पुढच्या साली गेट पक्कं म्हणून सांगून गेले. तिकडे आपल्या ओसरीवर बुंदीचे तीन डबे आले आहेत. कोणी ठेवले माहीत नाही.

आता माझं. मी यांना विचारलं, हे कोणी लिहून दिलं? म्हणाले, कोणी नाही. मी विचारलं, कोणाचं लग्न होतं ते? तर चपला घालून शेतावर गेले. सोनिका, एक्केचाळीस वर्षं झाली माझ्या लग्नाला. हा माणूस कोणाच्याही लग्नात पंगतीला बसत नाही, कमरेला टॉवेल बांधून वाढायला उभा राहतो. मला वाटायचं, मिरवायची हौस आहे. मी त्यावरून यांना किती हसले आहे. मलाही त्यांनी कधी सांगितलं नाही आणि मीही कधी विचारलं नाही. मला फार वाईट वाटून राहिलं आहे.

नानी


पुणे
६ नोव्हेंबर २०२५

ती. नानांना नमस्कार.

नानीचं पत्र मिळालं. मी ते होस्टेलवर मोठ्याने वाचून दाखवलं आणि चौघींनी टाळ्या वाजवल्या. नाना, तुम्ही जिंकलात. अहो, मोठमोठ्या सिनेमांना जमत नाही ते झालं. प्रेक्षक उठून खलनायकाला वाचवायला आले. माझी एक रूममेट विचारते, तुमच्या नानांचा व्हिडिओ आहे का. भैय्यालालमामांना म्हणावं, गेटवर तुम्हीच बसा.

एक विचारायचं होतं. पण असू द्या. तुम्हाला सांगावंसं वाटेल तेव्हा सांगा.

तुमची,
सोनिका


पांजरटोला
१३ नोव्हेंबर २०२५

चि. सोनिकाला आशीर्वाद.

टाळ्या परत घे. माझं वाटोळं झालं आहे.

मी बाजारात गेलो तर भाजीवाली मला दोन वांगी जास्त टाकते आणि मान कलती करून पाहते. पोरं पळत नाहीत, "राम राम आजोबा" म्हणतात. परवा धुरपताबाई स्वतः घरी आली आणि विचारते, "जेवला काय रे नत्थू?" एकोणतीस वर्षांपूर्वी जिने माझी तिरडी काढली, ती मला जेवलास का विचारते. यापेक्षा तिने शेंगा सोलल्या असत्या तर बरं झालं असतं.

नानीने काय लिहिलं ते मला ठाऊक आहे. पत्र पेटीत मीच टाकलं. हो, ते माझंच होतं. एकाहत्तर सालचं. माझा बाप त्या वर्षी आजारी होता आणि घरात तीन दिवस पेजेवर चाललं होतं. ज्याने मला उठवलं तो काही वाईट माणूस नव्हता. त्याच्याकडे वऱ्हाड दुप्पट आलं होतं आणि भात कमी पडत होता. हे मला कळायला पन्नास वर्षं लागली. तुझ्या नानीला सांगितलं नाही, कारण सांगितलं असतं तर तिने मला रोज दोनदा वाढलं असतं. आता वाढते आहेच.

पण मला खरं टोचलं ते वेगळंच. पडदा पडल्यावर मी मागे जाऊन मिशी काढत होतो. प्रेरणा कपड्यांच्या पेटीवर बसली होती, गंगेचं काम करणारी. रागावलेली नव्हती. तिने साधं विचारलं, "काकाजी, तुम्ही माह्या बापाले मारलं पहिल्या अंकात. त्याच्यासाठी कोणी उठलं काय?"

सोनिका, त्या राखणदाराला तर नावसुद्धा नाही. पुस्तकात नुसतं "राखणदार" लिहिलं आहे. आपला बकाराम ते काम करतो, दोन वाक्यं बोलतो, मरतो आणि मग उठून चहाच्या टपरीवर जातो. त्याला कोणी बुंदी नेऊन दिली नाही.

आणि मी विचार करतो आहे. जालिमसिंगला पंगतीतून उठवलं, त्याने माणूस मारला. मलाही त्याच पंगतीतून उठवलं, मी पोस्टात लागलो. उन्हातान्हात लोकांच्या मनिऑर्डरी नेऊन दिल्या. मग राखणदार मेला तो पंगतीमुळे कसा? तुझ्या त्या सिनेमात तीनशे माणसं मेली ना? त्यातल्या एकाचं तरी नाव मला सांग.

तिकडे नवीनच घोळ झाला आहे. बोदलकशाच्या तलावाजवळच्या एका गावाने भैय्यालालला निरोप पाठवला. त्यांची मंडई २९ तारखेला आहे आणि त्यांना आमचंच नाटक पाहिजे, "तो रडवणारा ठेकेदार" घेऊन. भैय्यालाल म्हणतो, "काकाजी, रडवा, पण मरा. यंदा नाई मेले त गेट." आता मी मरू कसा? गोष्ट सांगितली तर बायका मरू देत नाहीत. नाही सांगितली तर शेंगा.

नाना


पुणे
२० नोव्हेंबर २०२५

ती. नानांना नमस्कार.

तुमचं पत्र आलं त्या दिवशी मला खूप राग आला. तुमचा नव्हे. माझाच.

मी तो सिनेमा परत बघितला, या वेळी एकटीने. गाव जळतं तो भाग मागच्या वेळी आम्ही भजी खात बघितला होता. तीनशेपैकी एकीला नाव आहे. मीठ विकणारी बाई. तिची मुलगी तिला नावाने हाक मारते. सगळं मिळून अकरा सेकंद. मी ते अकरा सेकंद थांबवून थांबवून बघितले आणि मला लाज वाटली.

आणि तरीही नाना, शेवटी तो "मी मागे वळून बघत होतो" म्हणाला तेव्हा मी पुन्हा रडले. ते काही गेलं नाही. त्या बाईसाठीही वाईट वाटलं आणि त्याच्यासाठीही, आणि दोन्ही एकमेकांना खोटं पाडत नाहीत. याचं काय करायचं ते मला कळत नाही. सूचना देऊन झाली माझी. तुम्ही चौतीस वर्षं मरता आहात, कसं मरायचं ते तुम्हालाच ठाऊक.

फक्त मरा. मला तुम्ही गेटवर बसलेले चालणार नाही.

सोनिका


पांजरटोला
३ डिसेंबर २०२५

चि. सोनिकाला अनेक आशीर्वाद.

सविस्तर लिहितो. नानी म्हणते तिचं काही लिहायचं नाही, तिने पाकीट फक्त चिकटवायचं आहे.

या वेळी मी एक शहाणपणा केला, गुपचूप काही केलं नाही. प्रेरणाला वडशाहून चार दिवस आधी बोलावलं आणि टिकेशला, बकारामला आमच्या ओसरीवर बसवलं. मी म्हणालो, पोरांनो, मला मरायचं आहे, मदत करा. राखणदाराला आधी नाव दिलं. बकारामने स्वतःच्या बापाचं नाव सुचवलं, केशोराव. पहिल्या अंकात आता केशोराव मरायच्या आधी गंगेसोबत बसून जेवतो, आणि मी त्याला ताटावरच मारतो. बकाराम एवढा खूश झाला की तालमीत तीन वेळा जास्तच मेला. तिसऱ्या अंकाची युक्ती मात्र प्रेरणाची.

धुरपताबाई भैय्यालालच्या ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत बसून आली होती. "मी नत्थूले एकट्याले नाई जाऊ देत, तिकडचे लोक मारतीन," असं म्हणत होती. पुढच्या चटईवर बसली. तिथले लोक तलावावर मासे धरणारे, तलाव म्हणजे काय ते त्यांना शिकवावं लागत नाही. दुसऱ्या अंकात मी कागदावर अंगठे घेतले तेव्हाच मागून कोणीतरी खेकसलं. मला बरं वाटलं.

मग तिसरा अंक. टिकेशने काठी उगारली. मी खाली बसलो आणि पंगत सांगितली. पहिल्या वेळी जशी आली तशी नाही आली, दुसऱ्यांदा सांगताना आपलंच दुःख जरा ठेवणीतलं वाटतं. तरी बायकांचे पदर डोळ्यांना गेले. धुरपताबाई गुडघ्यावर हात ठेवून उठायला लागली.

तेवढ्यात गंगा आली. हातात पत्रावळ. जिचा बाप मी ताटावर मारला, ती माझ्यासमोर पत्रावळ मांडते आणि भात वाढते. म्हणते, "जेवा. तुमाले कोणी उठवणार नाई." टिकेशने काठी खाली केली. धुरपताबाई होती तशी परत बसली. सोनिका, त्या वेळी हजारेक माणसं मी तो घास घ्यावा म्हणून वाट पाहत होती. मलाही घ्यावासा वाटला. भात खरा होता, नानीने करून दिला होता.

मी हात पुढे केला. आणि गंगेचं कोपर धरलं. तिला उभं केलं आणि म्हणालो, "हिले कोन बोलावलं?"

पत्रावळ पायाने उडवली. मग मी हसलो, चौतीस वर्षं हसतो तसा.

आणि मग जो शिव्यांचा आवाज उठला, बाप्पा, तसा मी शहाण्णव सालीही ऐकला नाही. माझ्या बापापासून नातवंडांपर्यंत कोणी सुटलं नाही. टिकेशला बायकाच सांगत होत्या, कुठे मारायचं ते. त्याने मारलं, फार छान मारलं, आणि मी तलावात पडलो. म्हणजे निळ्या कापडावर. डोळे मिटून घेतले. गंगेने बापाचं नाव घेऊन हंबरडा फोडला तेव्हा अख्खा मंडप तिच्यासोबत रडला, आणि मागून बकाराम मला कुजबुजला, "काकाजी, आयकून राहिले न? माह्यासाठी होय ते."

मग छातीवर काहीतरी येऊन आदळलं. चप्पल होती. डोळे उघडता येत नव्हते, पण आवाज ओळखला. धुरपताबाई उभी होती आणि तिचा आवाज फुटला होता. "मुडदा बशिवला तुझा, मेल्या! वाढलं होतं न रे तिनं तुले! जेवाचं होतं न! जेवाचं होतं न रे!"

शिवी देत होती आणि रडत होती. मला आजवर अशी शिवी कोणी दिली नव्हती. नऊ वर्षांच्या त्या पोराला जे कोणी म्हटलं नाही, ते तिने चप्पल मारून म्हटलं. मी मेलेला होतो, पण मला रडू आलं. मेलेल्या माणसाच्या डोळ्यांतलं पाणी लोकांना दिसू नये म्हणून मी कूस बदलली आणि पाठ फिरवली.

भैय्यालालचं म्हणणं आहे, की मेल्यावर हललो ही चूकच झाली. ती सुधारली तर पुढच्या साली जालिमसिंग मीच.

तुझा नाना,
नत्थूलाल बिसेन